मैनेने जपलेला जयघोष

नदीच्या दोन्ही काठांवर दाट राई होती, तेव्हाची ही गोष्ट. अलीकडच्या वानरांनी पलीकडच्या वानरांवर चाल केली आणि अलीकडचे जिंकले. लढाईला निघताना सगळ्या कळपाने केलेला जयघोष एका मैनेने ऐकून पाठ केला होता.

विजयानंतर वानर तिला रोज म्हणत, "मैनाबाई, ऐकवा ना." मग ती हुबेहूब त्यांच्याच आवाजांत ओरडे, "चला, पलीकडची फळं आपली!" आणि सगळे फांद्या हलवत नाचत.

पुढे पलीकडची फळे संपली. एके दिवशी जयघोष चालू असताना ताम्रा नावाची वानरी म्हणाली, "थांबा. यात माझा पिंगट आहे." तिचा मुलगा पिंगट लढाईतून परतला नव्हता. मग प्रत्येकाला आपापले मेलेले ऐकू येऊ लागले. कुणी नाचेना.

हळूहळू जो तो म्हणू लागला, "मी तर तेव्हाच नको म्हणत होतो."

कळपाचा म्हातारा नायक मैनेला म्हणाला, "हे आवाज आमचे नाहीतच."

"मग कुणाचे?" तिने विचारले.

त्यांनी तिला दगड मारून पलीकडे हाकलले. राई गप्प झाली.

ताम्राला मात्र राहवेना. नदी ओलांडून तिने मैनेला शोधले. "एकदाच माझ्या पिंगटचा आवाज ऐकवा."

मैनेने चोच उघडली. पण पिंगटच्या आधी, सगळ्यांहून मोठा, ताम्राचाच आवाज आला: "जा पिंगट, मागे राहू नकोस."