भिंतीवरचा थरथरता राजा

कार्तिक वद्य पंचमी. ऊन कडक, वारा पडलेला, झाडाचं पान हलत नव्हतं. हलली ती एकच गोष्ट: काळसेगडच्या दरबारात, भिंतीवर, खेळातल्या राजाची सावली!

खेळ धाकू ठाकराचा. चामड्याच्या बाहुल्या दिव्यापुढे नाचवून भिंतीवर सावल्या पाडायच्या, हा त्याचा पिढीजात धंदा. दारं-खिडक्या लावून भर दुपारी खेळ मांडला, तर दिवाणजींनी हुकूम सोडला, "राजाची सावली आढ्याला टेकली पाहिजे!" त्यासाठी दिवा बाहुलीच्या अगदी जवळ आणावा लागला. धाकूचा म्हातारा हात जरासा कापला आणि भिंतीवरचा राजा हिवताप भरल्यासारखा थरथरला. दरबार हसला.

वीरधवल महाराज हसले नाहीत.

"माझ्या राज्यात राजा थरथरत नाही! उद्या याच दिव्यापुढे, याच जागी बाहुली धरा. मी सांगेन त्याहून जास्त सावली ढळली, तर सगळ्या बाहुल्या चुलीत!"

घरी धाकू डोक्याला हात लावून बसला. त्याची लेक शेवंती भाकरी थापत होती.

"बाबा, बाहुली केवढी?"

"एक वीत."

"आणि सावली?"

"दहा विती. त्याचं काय?"

"मग हात ढळेल त्याच्या दहापट सावली ढळेल. एवढंच ना?"

"एवढंच म्हणे! हा माझा हात बघ."

"हात कशाला बघू? फळ्या आहेत की घरात."

दुसऱ्या दिवशी दिव्यापुढे शेवंतीने दोन फळ्या उभ्या केल्या. एक पक्की रोवलेली, दुसरी सरकणारी. मधल्या फटीत बाहुलीची काठी धरून ती उभी राहिली.

"सावली दहा बोटं ढळली तर चालेल," महाराज म्हणाले.

शेवंतीने काठीला एक बोट जागा ठेवली. तिने मुद्दाम काठी हलवली. सावली दहा बोटं सरकली आणि अडली.

"आता एकच बोट!"

तिने फळी सरकवली. काठीला तांदळाच्या दाण्याच्या जाडीएवढी जागा उरली. सावली बोटभर हलली.

"दाण्याच्या जाडीएवढी!"

तिने घोड्याच्या शेपटीचा केस मागवला आणि तेवढी फट ठेवली.

महाराज पुढे सरकले. "आता केसाएवढी! केसाचा दहावा भाग कशाने मोजशील, पोरी?"

"मोजायचा कशाला, महाराज? दहाव्या भागाहून फट कमी झाली, तर तुमची हरकत आहे का?"

"...नाही."

तिने फळी घट्ट दाबली.

"मी याहून लहान सांगेन!"

"सांगा. मी त्याचा दहावा भाग घेईन."

"त्याहूनही लहान!"

"त्याचाही दहावा भाग. महाराजांचं सांगणं संपायचं आहे, माझं उत्तर देऊन झालं."

दिवाणजी खाकरले. महाराजांनी त्यांच्याकडे पाहिलं नाही.

"मग अजिबात ढळायला नको! तसूभर नाही, केसभर नाही, काहीच नाही!"

शेवंतीने काठी आणि फळीमध्ये पाचर ठोकली, काठीवरचा हात काढला आणि बापाशेजारी जाऊन बसली.

आढ्यापर्यंत उंच राजा भिंतीवर उभा राहिला. हलला नाही. दरबार बघत राहिला. बराच वेळ गेला. पुढच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्या सरदाराने पागोटं काढून मांडीवर ठेवलं.

"हे काय?" महाराज कुजबुजले.

"राजे वारले वाटतं," सरदारही कुजबुजला.

महाराज ताडकन उठले. "पोरी! हा राजा मेल्यासारखा का दिसतोय?"

"जिवंत माणूस थोडा तरी हलतोच, महाराज. आता आपला राजा किती जिवंत ठेवायचा, ते आपण सांगावं. दहावा भाग मी काढते!"

महाराजांनी भिंतीवरच्या राजाकडे पाहिलं, मग स्वतःच्या पोटाकडे, आणि असे हसले की पोट गदगदा हलायला लागलं. "वीस बोटं! वीस बोटं हलू दे त्याला!"

शेवंतीने पाचर काढून फळ्यांमध्ये काठीला दोन बोटं जागा ठेवली. बाहुल्या सगळ्या चुलीतून वाचल्या. धाकूला एक दुभती म्हैस मिळाली, आणि शेवंतीला दरवर्षी दरबारात खेळ मांडायचा मान.