मिसरी म्हाताऱ्याची पेटी

फार फार जुनी गोष्ट. इतकी जुनी, की तेव्हा मिसर देशात, म्हणजे आताच्या इजिप्तमध्ये, देव पण रोज सकाळी उठायचे. म्हणजे पुजारी त्यांना उठवायचे, अंघोळ घालायचे, तागाचे कपडे नेसवायचे, पुढ्यात भाकरी आणि भाजलेलं बदक ठेवायचे. देव काही खायचा नाही. मग पुजारीच खायचे. ते गुबगुबीत होते, उगाच नाही.

सणाला देव फिरायला निघायचा. त्याला एका छोट्या होडीत बसवायचं, वर पडदा लावायचा, होडीखाली दोन लांब दांडे घालायचे आणि ते दांडे पुजाऱ्यांनी खांद्यावर घ्यायचे. आपल्याकडे पालखी निघते ना, तसंच.

ह्या होड्या बनवणारा एक म्हातारा सुतार होता, मिसरीच. त्याच्या हाताखाली एक इस्राएली गडी काम करायचा. गडी आधी विटा थापायचा. विटा थापून थापून डोकं कायमचं तापलेलं. पण म्हाताऱ्याने त्याला दहा वर्षं जवळ बसवून शिकवलं. खिळ्याशिवाय फळ्या कशा जोडायच्या, लाकडी खुंटी कुठे ठोकायची, दांडा किती जाड ठेवला म्हणजे खांदा सोलत नाही, सगळं.

पुढे त्या गड्याची टोळी मिसरची गुलामी सोडून वाळवंटात निघाली. म्हातारा पण हत्यारांची पिशवी घेऊन मागोमाग चालायला लागला.

"बाबा, तुम्ही कशाला येताय?" गड्याने विचारलं.

"चाळीस वर्षं देवाच्या होड्या केल्या," म्हातारा म्हणाला. "एक पुजारी कधी म्हणाला नाही, की बरी झालीय. तू निदान म्हणतोस."

ह्या टोळीच्या देवाची गंमत वेगळीच. त्याला तोंडच नव्हतं. मूर्ती नाही, नाक नाही, सकाळची अंघोळ नाही. होती फक्त एक दगडी पाटी, तिच्यावर नियम कोरलेले. आता ती पाटी वाळूतून न्यायची कशी? म्हाताऱ्याने आणि गड्याने मिळून बाभळीची पेटी केली. चार कड्या, कड्यांतून दोन दांडे, झाकणावर पंख कोरलेले. चौघांनी उचलली आणि पेटी अशी चालली, की आतली पाटी हललीसुद्धा नाही. लोक खूश. टोळीचा म्होरक्या तर सगळ्यांत खूश. जो तो पेटीला हात लावायला बघायचा आणि म्होरक्या त्याच्या हातावर काठी मारायचा.

मग एका विहिरीवर दुसरी टोळी भेटली. त्यांची म्होरकी एक म्हातारी होती, तोंडात दोन दात. तिने पेटी पाहिली आणि खो खो हसली. "अगं बाई, हे तर मिसरच्या देवळातलं काम."

झालं. म्होरक्याचं तोंड भाजल्यासारखं लाल. ज्यांच्या लाथा खाल्ल्या, त्यांचीच नक्कल करतो म्हणजे काय? सगळं वाळवंट हसेल आता.

दिवसभर तो धुमसत चालला आणि दुसऱ्या सकाळी पुढच्या मुक्कामावर त्याने टोळी गोळा केली. "पेटीतलं मिसरी ते सगळं काढून टाका. आणि हा म्हातारा पण नको. आजच्या आज चालता हो."

म्हाताऱ्याने आपली पिशवी उचलली. कोणी त्याला पाण्याची पखाल दिली नाही. त्याने मागितली पण नाही. तो विहिरीच्या दिशेने चालायला लागला. विहीर एक दिवसाच्या वाटेवर मागे राहिली होती.

गड्याच्या अंगाची आग झाली.

"मिसरी ते सगळं काढायचं ना?" तो म्हणाला. "काढतो. थांबा."

त्याने दांडे उपसले. कड्या उपटल्या. मग पटाशी लावून एकेक खुंटी ठोकून बाहेर काढली. "ही जोडणी मिसरी." फळ्या धडाधड पडल्या. पाटी वाळूत आपटली. बायका तोंडाला पदर लावून बघत राहिल्या.

"पुरे झालं," म्होरक्या म्हणाला.

"पुरे कसं? अंगावर तागाचा झगा आहे तुमच्या. तो कोणाचा? काढा."

"अरे ए, जीभ आवर."

"देवापुढे जाताना पाय धुता, ते कुठे शिकलात? धूप कोणाचा? देवापुढे भाकऱ्या मांडता, त्या कोणाच्या पुढे मांडलेल्या बघितल्या होत्यात? त्याच देशात जन्मलात, त्याच नदीचं पाणी प्यायलात. आता ते पण ओका."

कोणीतरी फिसकन हसलं. म्होरक्या झगा मुठीत धरून उभा राहिला, जसा काही तो खरंच उतरणार होता. गडी ओरडत राहिला. ओरडायला त्याला इतकं बरं वाटत होतं, की ऊन डोक्यावर आलं तरी कळलं नाही.

घसा बसला तेव्हा तो थांबला आणि त्याने मागे पाहिलं. म्हातारा दिसत नव्हता. वाऱ्याने पावलं पण बुजवली होती.

मग मात्र पखाल खांद्यावर टाकून तो पळत सुटला. मागून म्होरक्या पण आला, चार माणसं घेऊन. पेटी परत जोडायची म्हणजे म्हातारा हवाच, त्याच्याशिवाय गडी हत्यार उचलणार नाही, हे त्याला एव्हाना उमगलं होतं.

विहिरीपाशी त्या दोन दातांच्या म्हातारीचा तंबू होता. सावलीत मिसरी म्हातारा पडला होता, ओठ फाटलेले. शेजारी पाण्याचं भांडं.

"अर्ध्या वाटेवर पडला होता," म्हातारी म्हणाली. "आमच्या शेळ्यांना सापडला."

"तूच हसलीस ना पेटीला," म्होरक्या गुरकावला.

"ओळखीचं काम दिसलं, म्हणून हसले. माझी आई त्याच देवळात झाडू मारायची. वाईट आहे असं कुठे म्हणाले मी? ते तुमचं तुम्ही ठरवलंत."

म्होरक्या खाली बसला. "चल बाबा, परत चल. पेटी जोडून दे."

"मला इथे पाणी मिळालं," म्हातारा म्हणाला. "कुठला, ते कोणी विचारलं नाही."

गडी त्याचे पाय धरायला वाकला. म्हाताऱ्याने पाय मागे घेतले.

"तू काय करत होतास रे एवढा वेळ?"

"तुमच्यासाठी भांडत होतो, बाबा."

"मी तहानेने मरत होतो. राग आला होता, तर पखाल घेऊन धावायचं. भांडण उद्या पण झालं असतं."

गडी तिथेच राहिला, रोज म्हाताऱ्याचं पाणी भरायला. म्हाताऱ्याने महिनाभर त्याच्याशी शब्द काढला नाही.

म्होरक्या फळ्यांच्या ढिगाकडे परत गेला. खूप ठोकाठोक केली, पण पेटी काही उभी राहीना. शेवटी नियमांची पाटी शेळीच्या केसांच्या पोत्यात घातली आणि पाळीपाळीने पाठीवर वाहिली. दगडाने पाठी सोलल्या. पहिली पाळी म्होरक्याची होती, आणि त्याच्या पाठीवर रक्त आलं तेव्हा पोतं घ्यायला कोणीही लगेच पुढे झालं नाही.

बोध: शिकवणाऱ्याला परका म्हणून हाकललं, की शिकलेलं पण आपलं राहत नाही.