आरशातलं आभाळ

माणसांनी आरसे करायला नुकती सुरुवात केली होती, तेव्हाची ही गोष्ट. एका तळ्यावर शेलाटा नावाचा करकोचा आणि त्याची जोडीदारीण भुरी राहत. करकोच्यांची एक रीत होती. उन्हं तापू लागली की थवा उत्तरेला निघायचा, आणि उडण्याआधी प्रत्येक जोडी माना उंच करून एका सुरात साद घालायची. ज्याची साद आली नाही, त्याला यायचं नाही असंच सगळे समजत.

त्या वर्षी शेलाट्याला चिखलात आरशाचा तुकडा सापडला. त्यात ढग होते, झाडं होती, त्याचा स्वतःचा ऐटबाज तुरा होता. दिवसभर मान खाली घालून तो त्यातच बघत बसू लागला.

"अहो, मान आखडेल. जरा वर बघा की, माझ्याकडे," भुरी म्हणायची.

"हो गं, एवढं बघून होऊ दे."

निघायची सकाळ आली. भुरीने साद घातली. शेलाटा मान उचलायला गेला, तर मानेचं लाकूड झालेलं! कळ थेट मस्तकात गेली.

"थांब गं, आलो!" तो ओरडला, पण चोच खालीच होती. आवाज चिखलात जिरला.

भुरी तळ्यावर घिरट्या घालत राहिली. शेलाट्याला ती आरशात दिसत होती. किती दिवसांनी तो तिला डोळे भरून बघत होता! मग ती ठिपक्याएवढी झाली आणि आरशाच्या कडेपलीकडे गेली.

आरशात ढग होते, झाडं होती, तुराही होता. त्यातलं काहीच आता त्याला बघायचं नव्हतं.