तोंडावरचा हात

अरिंजय राजाला स्वतःच्या सावलीचाही संशय यायचा. त्यात डोंगरापलीकडचे लिरवी लोक त्याच्या राजधानीत घोंगड्या विकायला आले. त्यांची बोली कुणालाच कळेना, आणि बोलताना ते तोंडावर हात धरत. आपला उष्टा श्वास समोरच्याला लागू नये, अशी त्यांची रीत.

प्रधान भैरवपंत राजाच्या कानाशी लागला, "महाराज, ज्याच्या मनात पाप नसेल तो तोंड कशाला झाकेल? हे लोक कट शिजवताहेत."

झालं! राजाने लिरवींची म्होरकी झुलई हिला दरबारात बोलावलं. "उद्यापासून तुमची बोली बंद. जो बोलेल त्याची जीभ छाटली जाईल."

झुलईला राजाची भाषा थोडीफार येत होती. तोंडावर हात धरून तिने विचारलं, "महाराज, तुमच्यामागे तबक घेऊन कोण उभा आहे?"

"माझा चाखणारा. माझा प्रत्येक घास आधी तो खातो."

"आम्ही आल्यावर ठेवलात का?"

"छे! माझ्या वडिलांना जेवणातून विष दिलं, तेव्हापासून आहे."

"तेव्हा तर आम्ही डोंगरापलीकडे होतो. मग विष घालायचं ठरलं ते कोणत्या भाषेत, महाराज?"

राजाने एकेका दरबाऱ्याकडे पाहिलं, आणि शेवटी प्रधानाकडे.

भैरवपंताचा हात आपसूक तोंडावर गेला होता. आणि तो काही लिरवी नव्हता.