भिंतीपलीकडची कैरी

एका गावात द्वारकाबाई नावाच्या एक बाई राहायच्या. गाव त्यांना ओळखायचं ते त्यांच्या आंबेडाळीवरून.

आंबेडाळ म्हणजे काही शिजवायची डाळ नव्हे. ती कोशिंबिरीची बहीण. हरभऱ्याची डाळ भिजवायची, भरड वाटायची, त्यात हिरवीगार कैरी किसून घालायची. ओलं खोबरं, मीठ, थोडी साखर, कोथिंबीर, आणि वरून हिंग-मोहरीची गार केलेली फोडणी. चैत्रात गौर झोपाळ्यात बसली की हळदीकुंकवाला घरोघरी हीच डाळ असते. पण द्वारकाबाईंकडचं बोलावणं आलं की बायका त्या दुपारी घरी दोन घास कमीच जेवायच्या.

गंमत अशी की ही डाळ द्वारकाबाईंनी करताना कधीच चाखलेली नसायची. गौरीला नैवेद्य दाखवायच्या आधी पदार्थ जिभेला लावायचा नाही, अशी त्या गावची रीत. मीठ घालायचं ते हाताच्या अंदाजाने. आणि द्वारकाबाईंचा हात कधी चुकत नसे. याचा त्यांना भारी अभिमान होता. दुसरा अभिमान परसातल्या आंब्याचा. द्रोण हातात ठेवताना त्या प्रत्येकीला न चुकता सांगायच्या, "आमच्या झाडाची कैरी आहे हो."

भिंतीपलीकडे अनसूया राहायची. तिच्याकडेही आंबा होता, चांगला डेरेदार. मागच्या चैत्रात तिने हौसेने टोपलीभर कैऱ्या आणून दिल्या, तर द्वारकाबाईंनी चार बायकांदेखत टोपली परत केली. म्हणाल्या, "तुझी कैरी लोणच्याला ठेव गं. आमच्या डाळीला ती चालायची नाही."

अनसूया बिचारी हसली आणि टोपली घेऊन घरी गेली. बोलणं तिथेच संपलं असं द्वारकाबाईंना वाटलं. पण बोललेलं असं संपत नाही.

यंदा द्वारकाबाईंच्या झाडाचा मोहर सगळा गळला. झाडावर औषधालाही कैरी नाही. हळदीकुंकवाचा दिवस उजाडला. डाळ भिजून फुगली होती, खोबरं खवून ठेवलं होतं, आणि कैरीचा पत्ता नव्हता. बाजार दूर. अनसूयेकडे मागावी, तर मागच्या वर्षी दाखवलेली ऐट आड येत होती. आता कोणत्या तोंडाने टोपली पुढे करायची?

म्हणून त्यांनी टोपली पुढे केलीच नाही. फांदी ओढायची आकडी घेतली.

अनसूयेच्या आंब्याची एक फांदी भिंतीच्या अगदी जवळ आली होती. सकाळी सगळे आपापल्या कामात असताना द्वारकाबाईंनी दगडावर पाय दिला, आकडी पलीकडे घातली आणि कैऱ्या खाली ओढल्या. साठीची बाई, गावात जिच्या शब्दाला मान, ती दुसऱ्याच्या झाडाच्या कैऱ्या ओच्यात घालून घाईघाईने घरात शिरली. मला तर हे सांगतानाही लाज वाटते. पण घडलं ते असं.

कैऱ्या कोवळ्या होत्या. द्वारकाबाईंनी पाण्यातून काढल्या आणि सालासकट किसल्या. पन्ह्याला मात्र उरल्या नाहीत. मग "ऊन फार आहे, यंदा ताकच देते," असं शेजारणींना सांगून टाकलं. एका चोरीला सकाळपासून हे पहिलं ठिगळ.

संध्याकाळी घर बायकांनी भरलं. आरती झाली, गौरीला नैवेद्य दाखवला. गौरीपुढेही चोरीचीच कैरी गेली, ती बिचारी काय बोलणार. मग द्रोण वाटले गेले. गावातली सगळ्यांत वडील सवाष्ण म्हणजे गोदूआजी. आजींनी पहिला घास घेतल्याशिवाय कोणी खायचं नाही, अशीही एक रीत होती. त्या रीतीने त्या दिवशी किती जणींचा जीव वाचवला ते आता ऐका.

द्वारकाबाई नेहमीप्रमाणे म्हणत होत्या, "आमच्या झाडाची कैरी आहे हो." तेवढ्यात अनसूया आली. धापा टाकत होती.

"उशीर झाला, काकू. घरोघरी सांगत आले. कोणाची पोरं आमच्या आंब्याखाली आली तर आवरा त्यांना. काल संध्याकाळी ह्यांनी झाडावर औषध मारलंय, तुडतुड्यांसाठी. फार जहाल आहे. औषधवाल्याने बजावलंय, पंधरा दिवस त्या झाडाची कैरी तोंडात घालू नका, जिवावर बेतेल."

द्वारकाबाईंनी वळून पाहिलं. समोर गोदूआजींनी चिमूट उचलली होती. हात तोंडाजवळ पोचला होता.

द्वारकाबाईंनी झडप घातली आणि द्रोण आजींच्या हातातून हिसकावून घेतला. चिमटीतली डाळ लुगड्यावर सांडली.

सगळ्या बायका जागच्या जागी थिजल्या. ऐंशी वर्षांच्या सवाष्णीच्या हातातला प्रसाद हिसकावून घेतलेला त्या घरात काय, त्या गावात कोणी पाहिला नव्हता.

"कोणी खाऊ नका," द्वारकाबाई म्हणाल्या. "डाळ... डाळ खारट झालीये."

खरं बोलायची ती वेळ होती. बाईने दुसरं ठिगळ लावलं.

गोदूआजींनी अगदी हळू विचारलं, "खारट? नैवेद्य तर आत्ता दाखवला, द्वारके. तुला कसं कळलं?"

आता बायकांना खरा धक्का बसला. त्यांनी एकमेकींकडे पाहिलं. द्वारकाबाईंनी गौरीच्या आधी डाळ चाखली? म्हणजे गौरीला उष्टं दाखवलं? ज्या हाताचा इतकी वर्षं दाखला दिला, तो हात असा निघाला?

द्वारकाबाईंनी मान खाली घातली. "चुकून जिभेला लागली," त्या म्हणाल्या.

या बाईने आयुष्यात कधी नैवेद्य उष्टा केला नव्हता. पण केलेली चोरी झाकायला तिने न केलेलं पाप अंगावर घेतलं. असला उफराटा व्यवहार माणूसच करू जाणे.

सगळे द्रोण गोळा झाले. डाळ पुन्हा पातेल्यात गेली, पातेलं स्वयंपाकघरात. बायका गेल्या की परसात खड्डा करून पुरून टाकू, असं द्वारकाबाईंनी ठरवलं. त्यांना वाटलं, निभावलं. त्या बाहेर आल्या आणि ताक वाटायला लागल्या. ताक भांड्याबाहेर सांडत होतं. अनसूया म्हणाली, "काकू, बसा तुम्ही, मी देते." द्वारकाबाईंना तिच्याकडे बघवेना.

ताकाचं भांडं ठेवायला त्या आत गेल्या, तर पातेलं जागेवर नव्हतं.

"डाळ कुठे गेली?"

"आजींनी नेली," दारातली एक बाई म्हणाली. "म्हणाल्या, एवढा प्रसाद, द्वारकेला टाकवणार नाही. गाईला घालते. गाईला खारट आवडतं."

गल्लीत गाय एकच. अनसूयेची तांबू. अर्ध्या गावाचा चहा तिच्या दुधावर व्हायचा.

द्वारकाबाई चुलीपाशी उभ्या राहिल्या. आणि त्यांच्या मनात एक विचार आला. तो सांगायला नको वाटतो, पण सांगितलाच पाहिजे. गाय मेली तर लोक काय म्हणतील? झाडाखाली पडलेली कैरी खाल्ली असेल, औषध बाधलं असेल. द्वारकाबाईंचं नाव कोणाच्या तोंडी यायचंही नाही. नुसतं गप्प बसायचं. एक मुकं जनावर जाईल आणि अब्रू राहील.

असा विचार आला, याचाच त्यांना हादरा बसला. सकाळी आपण कैरी चोरली, आणि संध्याकाळपर्यंत आपण इथवर आलो?

त्या धावल्या. पदर पडला, जोडव्यांचे पाय अनवाणी, मागच्या दारातून, भिंतीला गोठ्याच्या बाजूला पडलेल्या खिंडारातून, थेट अनसूयेच्या गोठ्यात. बायकांना वाटलं, बाईंना काहीतरी झालं. त्याही मागोमाग धावल्या.

तांबूचं तोंड पातेल्यात होतं. गोदूआजी मायेने तिची मान खाजवत होत्या. द्वारकाबाईंनी पातेलं ओढून उपडं केलं. पण तांबू एक घास चघळत होती.

"अगं, असं काय करतेस?" आजी म्हणाल्या.

"डाळ खारट नाही, आजी. मी ती चाखलेलीच नाही. कैऱ्या अनसूयेच्या आहेत. ह्या झाडाच्या. सकाळी मी आकडीने ओढल्या. डाळीत विष आहे. कोणीतरी गुरांच्या डॉक्टरांना बोलवा, आधी डॉक्टरांना बोलवा."

जणू त्या बाईच्या तोंडून दुसरंच कोणी बोललं होतं. मग एकदम सगळ्या हलल्या. एक डॉक्टरांकडे पळाली, एक पाणी आणायला. गोदूआजींनी आपल्या लुगड्यावर सांडलेली डाळ पाहिली, ती तोंडाच्या किती जवळ आली होती ते त्यांना आठवलं, आणि त्या भिंतीला टेकून खाली बसल्या.

अनसूया तेवढी उभी होती.

"सकाळी फांदी हललेली मी पाहिली, काकू," ती म्हणाली. "मला वाटलं, पोरं असतील. म्हणून तर घरोघरी सांगत फिरले. तुमच्याकडे सगळ्यांत शेवटी आले. तुमच्या घरी सांगायची गरज आहे, असं मला वाटलंच नाही."

हे ऐकून द्वारकाबाईंना रडू कोसळलं. कोणी शिव्या दिल्या असत्या तर त्यांनी त्या ऐकून घेतल्या असत्या.

"एक शब्द टाकला असता," अनसूया म्हणाली, "तर मी तिथेच सांगितलं असतं, यंदा नको, फवारणी केलीय."

डॉक्टर आले, औषध झालं. तांबूच्या तोंडाला फेस आला, ती गोठ्यात आडवी झाली. द्वारकाबाई तिच्या डोक्याशी बसून राहिल्या. कोणी उठा म्हणालं नाही, बसा म्हणालं नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी तांबू उठली आणि तिने पाण्यात तोंड घातलं. तिचं दूध मात्र पंधरवडाभर ओतून टाकावं लागलं. तेवढे दिवस अर्ध्या गावाने कोरा चहा प्यायला, आणि चहाच्या प्रत्येक घोटाला द्वारकाबाईंची आठवण काढली. ती कशी काढली असेल ते तुम्हीच समजा.

पुढच्या चैत्रात द्वारकाबाईंचा आंबा कैऱ्यांनी लगडला. तरी त्या रिकामी टोपली घेऊन अनसूयेच्या पुढच्या दाराशी गेल्या.

"मला डाळीला कैऱ्या हव्यात गं. देशील?"

"तुमच्या झाडाला तर यंदा पुष्कळ आहेत, काकू."

"आहेत. पण तुझ्या हव्यात."

अनसूयेने त्यांच्याकडे पाहिलं आणि टोपली घेतली. "न्या बिनघोर," ती म्हणाली. "यंदा अजून औषध मारलेलं नाही. आणि भिंतीकडच्या फांदीच्या नेऊ नका, त्या तुरट निघतात. मी वरच्या काढून देते."

इतकी वर्षं आंबेडाळ करून द्वारकाबाईंना ही गोष्ट माहीत नव्हती. गेल्या वर्षीची डाळ कोणी खाल्ली असती, तर ती तुरटही लागली असती.

हळदीकुंकवाला बायका आल्या. कमी आल्या, पण आल्या. द्रोण देताना द्वारकाबाई प्रत्येकीला म्हणाल्या, "अनसूयेच्या झाडाची कैरी आहे हो." मग सगळ्या थांबल्या. गोदूआजींनी द्रोणाकडे पाहिलं, द्वारकाबाईंकडे पाहिलं, आणि सगळ्यांदेखत पहिला घास घेतला. सावकाश चावला.

"द्वारके," त्या म्हणाल्या, "यंदा खरंच खारट झालीये."

द्वारकाबाईंचा हात आयुष्यात पहिल्यांदा चुकला होता. आजींनी द्रोण संपवला आणि आणखी मागून घेतला.

तात्पर्य: मागून आणलेल्या वस्तूबरोबर देणाऱ्याचा सावधगिरीचा शब्दही घरी येतो, चोरून आणलेली वस्तू मुकी येते, आणि तिच्यातलं विष आपल्याला कोणी सांगत नाही. म्हणून गरज पडेल तेव्हा मान झुकवून मागावं.