शंभर चिऱ्यांचं घर

ज्या काळातल्या राजांची नावंही आता कुणाला आठवत नाहीत, त्या फार जुन्या काळी एका डोंगराच्या पायथ्याला घोंगडी विणणाऱ्यांचं एक गाव होतं. मेंढ्यांची लोकर, चिंचोक्याची खळ आणि जमिनीतल्या खड्ड्यात बसवलेला माग, एवढ्यावर सगळ्या गावाचं पोट चालायचं. त्यांची घोंगडी अशी दाट असायची की पाऊस वरच्या वर निथळून जाई. राहायला मात्र गवताच्या झोपड्या. दर उन्हाळ्यात वावटळ यायची आणि दोन-चार झोपड्यांची छपरं घेऊन जायची.

मग पेठेतल्या वखारीचा शेठ गावात आला. त्याच्याकडे घडवलेले चिरे होते, सागाची लाकडं होती, गवंडीही होते. त्या मुलखात घराची किंमत दर्शनी भिंतीच्या चिऱ्यांवर ठरायची. एका चिऱ्याला एक घोंगडं. शंभर चिऱ्यांची भिंत असली की ते घर शंभर घोंगड्यांचं, इतका सरळ व्यवहार.

पण शंभर घोंगडी एकदम आणायची कुणी? शेठ म्हणाला, एकदम नकोतच मला. आधी घरात राहायला या, मग दर पौर्णिमेला एक घोंगडं देत जा. आणि दिवाळीच्या महिन्यात तेही नको, लेकराबाळांसोबत सण करा. गावाला शेठ देवमाणूस वाटला. महिन्याला एक घोंगडं म्हणजे काय, डाव्या हातचा मळ.

घरात पाऊल टाकण्याआधी वखारीचा कारकून उंबऱ्यावर उभा राहून अटी म्हणून दाखवायचा. तशी रीतच होती. पण अटी म्हणायची वेळ आणि दारात हलगी कडाडायची वेळ एकच. बायका ओवाळायला पुढे व्हायच्या, पोरं नाचायची, कारकुनाचे ओठ हलताना दिसायचे. सगळे माना डोलवायचे आणि आत जायचे. उगाच कुणाला दोष देऊ नका. स्वतःच्या घरात जाताना आपणही काही फार ऐकून घेत नाही.

आणखी एक जुनी रीत होती. जो चिरा फिटून आपला झाला, त्यालाच गेरू लावायचा. पण चार चिरे लाल आणि बाकीची भिंत कोरडी, हे डोळ्यांना बरं दिसत नाही. म्हणून लोक पहिल्याच दिवशी सगळी भिंत लालभडक करून टाकायचे. भिंत लाल झाली की माणसालाही वाटायचं, झालं, घर आपलं झालं. मग किती फिटले आणि किती राहिले, हे विचारायची कुणाला आठवणच राहत नसे.

या गावात हौसा आणि बिरू असं एक जोडपं होतं. वावटळीनं दोनदा छप्पर नेलं, तेव्हा त्यांनीही शंभर चिऱ्यांचं घर घेतलं. बिरू मोठा उत्साही गडी. गृहप्रवेशाच्या दिवशीच तो गेरूनं भरलेली बादली घेऊन भिंतीपुढे उभा राहिला. हौसानं त्याच्या हातातली रंगाची कुंची काढून घेतली.

तिचं म्हणणं इतकंच होतं की रीत आहे तर रीतीनं करू. चिरा फिटला की त्याला गेरू. बिरू हसला. चल, तुझं खरं, वर्षाला अकरा चिरे रंगव, असं म्हणून तो मागाच्या खड्ड्यात उतरला. त्या वर्षी गावानं त्यांच्या कोरड्या भिंतीला पोटभर हसून घेतलं.

वर्ष सरलं. अकरा पौर्णिमांना अकरा घोंगडी गेली. दिवाळीच्या आधी हौसानं गेरू कालवला, शेठला बोलावलं आणि म्हणाली की अकरा चिरे दाखवा, म्हणजे हात लावते. शेठनं पागोटं सारखं केलं, भिंतीपाशी गेला आणि कोपऱ्यातल्या एका चिऱ्यावर बोट ठेवलं.

"हा एक."

"आन् बाकीचे धा?" हौसानं विचारलं.

शेठ काही खोटं बोलणारा माणूस नव्हता. विचारलं तर सांगायचं, न विचारलं तर गप्प राहायचं, असा त्याचा खाक्या. "बाई, मी घर आधी दिलं आणि घोंगड्यांसाठी थांबलो. त्या थांबण्याचं मोल असतं. जेवढे चिरे बाकी असतील, त्यातल्या दहांमागे वर्षाला एक घोंगडं. तुमचे शंभर बाकी होते. अकरातली दहा थांबण्याची, एक चिऱ्याचं. उंबऱ्यावर कारकुनानं सगळं सांगितलं होतं."

"तवा हलगी वाजत व्हती," हौसा म्हणाली.

"हलगी मी आणली नव्हती," शेठ म्हणाला, आणि ते खरंच होतं.

याला आपण व्याज म्हणतो. नाव ठाऊक असलं म्हणजे गोष्ट समजली, असं मात्र नाही. हौसाला नाव ठाऊक नव्हतं, पण त्या दिवशी ती गोष्ट तिला पुरती समजली. तिनं तो एक चिरा रंगवला आणि उरलेला गेरू तसाच झाकून ठेवला.

मग तिनं अंगणात चिंचोके मांडले. एका बाजूला थांबण्याचे, एका बाजूला चिऱ्यांचे. चिरे कमी होतील तसं थांबण्याचं मोलही कमी होत होतं, पण गोगलगायीच्या चालीनं. शेवटचा चिरा फिटेपर्यंत पंचवीस वर्षं जात होती आणि घोंगडी जात होती पावणेतीनशेच्या वर. घर एक, आणि मोल जवळजवळ तीन घरांचं. तिनं पुन्हा मांडून पाहिलं, या वेळी दिवाळीची पौर्णिमा न सोडता. तर वर्षं एकोणीसवरच थांबली. शेठनं माफ केलेल्या त्या एका पौर्णिमेपायी सहा वर्षं वाढत होती.

तिला घोंगड्यांची भीती वाटत नव्हती. भीती होती बिरूच्या बोटांची. खड्ड्याच्या मागावर ओल्या खळीत हात घालून विणणाऱ्यांची बोटं लवकर अवघडतात. बिरूची तर थंडीत आतापासूनच आखडायला लागली होती. पंचवीस वर्षं ती टिकणार नव्हती. आणि तीन पौर्णिमा ओळीनं चुकल्या की घर वखारीकडे परत जायचं, फिटलेल्या चिऱ्यांसकट. गवताची झोपडी निदान स्वतःची होती. हे घर ऐन म्हातारपणी हातातून जाणार होतं.

त्याच हिवाळ्यात गावानं ते डोळ्यांनी पाहिलं. शेजारचे गेनूआबा बावीस वर्षं घोंगडी देत आले होते. त्यांची भिंत पहिल्या दिवसापासून लाल. पावसाळ्यातच बोटं थांबली, पहिल्या दोन पौर्णिमा शेजाऱ्यांनी आपलं घोंगडं देऊन सावरल्या, पण दुसऱ्याचं घर कुणी किती दिवस ओढणार? पुढच्या तीन कोरड्या गेल्या. वखारीची माणसं आली. आबांनी आयुष्यात पहिल्यांदा विचारलं की माझे चिरे किती झाले. एकाहत्तर, असं उत्तर आलं. एकोणतीस राहिले होते. आबांची बायको कधीच वारली होती, मूलबाळ नव्हतं. ते घरातून हाती लागला तेवढा पाण्याचा तांब्या घेऊन लाल भिंतीपुढे उभे राहिले, आणि कुणालाच त्यांच्याकडे बघवेना.

हौसा पुढे झाली आणि त्यांना आपल्या ओसरीवर घेऊन आली. आबा सारखे म्हणायचे की मी तुझ्यावर भार झालो. हौसानं त्यांच्यापुढे चिंचोक्यांची टोपली ठेवली. बोटं वळत नसली तरी खळ शिजवता येते, ढवळायला मनगट पुरतं. आबांची खळ अशी व्हायची की घोंगडं ताठ उभं राहावं.

मग हौसानं पदर खोचला. ती आणि बिरू महिन्याला दोन घोंगडी विणायचे, एक वखारीला आणि एक बाजाराला. हौसानं ठरवलं, दिवाळीची पौर्णिमाही सोडायची नाही, आणि एकाआड एक पौर्णिमेला एक घोंगडं वर द्यायचं. आबा खळ बघत असल्यानं तिचे हात मोकळे झाले होते. ती पाण्याला जाता-येता टकळीवर सूत काढायची, बाजारच्या वाटेवर काढायची, कुणाशी बोलत उभी राहिली तरी हातातली टकळी फिरतच असायची.

पहिलं जास्तीचं घोंगडं घेऊन ती वखारीत गेली, तेव्हा कारकुनानं ते पुढच्या पौर्णिमेच्या ढिगात टाकलं. हौसानं ते उचलून परत त्याच्यापुढे ठेवलं.

"ह्ये फुडल्या पुनवंचं न्हाई," ती म्हणाली. "ह्ये चिऱ्याचं हाय. आजच्या आज बाकीतनं एक चिरा कमी करा, आन् तसं तोंडानं म्हना."

कारकुनानं शेठकडे पाहिलं. शेठनं होकारार्थी मान डोलावली. कारकून तसं म्हणाला. हौसाला ते पुरेसं नव्हतं. वखारीत आलेल्या चार गिऱ्हाइकांनी ऐकलं आहे ना, हे तिनं आधी विचारून घेतलं आणि मगच घर गाठलं.

त्या वर्षअखेरीला आठ चिरे लाल झाले. आदल्या वर्षी एक, या वर्षी आठ. ओसरीवर बसून आबा त्यांच्याकडे पाहत राहिले आणि रडले. हौसालाही रडू आलं, पण तिच्या हातात कुंची होती.

बिरूचं मन मात्र मध्येच डळमळलं. सण आला की त्याला नवं पागोटं हवं असायचं, पाहुण्यांना गोडधोड हवं असायचं. सगळा गाव आरामात दिवाळी करतो आणि आपणच का मर मर मरायचं, असं तो कुरकुरायचा. नेमका त्याच सुमारास शेठ आला आणि म्हणाला की बिरूभाऊ, तुम्ही भरोशाचे आहात, घरावर माडी चढवून देतो. पौर्णिमेचं घोंगडं तेवढंच, एकच. वर्षं काय ती थोडी वाढतील. बिरूचे डोळे लुकलुकले. माडी तर गावात कुणाचीच नव्हती.

हौसा भांडली नाही. तिनं बिरूला भिंतीपाशी नेलं. "ह्या लाल चिऱ्यांवर हात ठेवा. ह्यो आपला. ह्यो बी आपला. आता कोरड्यांवर ठेवा. ह्ये समदे वखारीचे. माडी ह्याच्यावरच बसनार न्हवं?"

बिरूनं एकेका कोरड्या चिऱ्यावर हात फिरवला. थंडीचे दिवस होते, दगड गार होते, आणि अर्ध्या भिंतीपर्यंत जाईतो त्याची बोटं वाकेनाशी झाली. त्यानं हात काखेत धरले. मग तो ओसरीवर आला आणि आबांजवळची जादा टकळी उचलून घेतली. त्या दिवसापासून हौसाला त्याला काही सांगावं लागलं नाही. शेठ फिरून फिरून माडीचा विषय काढी, तेव्हा बिरूच त्याला वाटेला लावी.

वर्षं गेली. चिरे जसे कमी झाले, तसं थांबण्याचं मोल झपाट्यानं उतरलं आणि लाल रंग भिंतीवर वर वर चढत गेला. आता गाव हसत नव्हता. दहाव्या वर्षी एका पौर्णिमेला बिरूनं वखारीत घोंगडं टाकलं आणि शेठनं बाकी शून्य झाल्याचं सांगितलं. एकशे साठच्या आसपास घोंगडी गेली होती. पंचवीस वर्षांच्या हिशेबानं आणखी जी गेली असती, त्यात शंभर चिऱ्यांचं आणखी एक घर सहज उभं राहिलं असतं.

शेवटचा एक चिरा कोरडा होता. हौसानं कुंची बिरूपुढे केली. त्यानं ती धरली, पण बोटांत पकड राहिली नव्हती. त्या हिवाळ्यात ती कायमचीच आखडली होती. कुंची खाली पडली. मग आबा उठले. त्यांनी आपला वाकडा पंजा गेरूत बुडवला, बिरूचा पंजाही बुडवला, आणि दोघांनी मिळून तो चिरा सारवून लाल केला.

"माझी भिंत पयल्याच दिवशी लाल व्हती, पोरी," आबा म्हणाले. "पर घर असं आज पाहतोय."

पुढे बिरूला मागावर बसता आलं नाही. पण पौर्णिमा येत राहिल्या आणि त्यांच्या दाराला वखारीचं कुणी आलं नाही. हौसा विणेल तेवढं त्या तिघांना पुरलं.

गावानं हे पाहिलं आणि एकेकानं आपापली लाल भिंत पाण्यानं धुवून काढली. मग वखारीत जाऊन आपले खरे चिरे विचारून घेतले आणि तेवढेच रंगवले. कुणाचे सात निघाले, कुणाचे वीस. दुःख झालं, पण पुढचं कामही दिसलं. पुढच्या गृहप्रवेशाला कारकून उंबऱ्यावर उभा राहिला, तसा हौसानं हात वर केला आणि हलगी थांबवली. अटी संपेपर्यंत कुणी जागचं हललं नाही. घरमालकानं आधी पौर्णिमा किती आणि एकूण घोंगडी किती, ते विचारलं, आणि मगच उंबरा ओलांडला. त्या गावात अटी म्हणताना हलगी पुन्हा कधी वाजली नाही.

बोध: घर कर्जावर घेताना महिन्याला किती द्यायचं एवढंच विचारू नये, शेवटपर्यंत मिळून किती जाणार ते आधी विचारावं, आणि हातपाय चालतात तोवर मुद्दल फेडत सुटावं.