कट कोण म्हणणार?

"मग तुम्ही स्वतःच पडद्यावर मरत होता, तेव्हा कट कोण म्हणायचं, मायेस्त्रो?"

चेंचोनं हे विचारलं तेव्हा तो डोक्यापासून पायापर्यंत वाळूनं माखला होता. दुरांगोच्या माळावर त्याच्या पहिल्या सिनेमाचं शेवटचं दृश्य चाललं होतं. पहिला म्हणजे स्वतःचा पहिला. नट म्हणून मेक्सिकोभर त्याचं नाव झालेलंच होतं. पण हा सिनेमा लिहिला त्यानं, दिग्दर्शक तोच आणि नायकही तोच. गडी नुसता उसळत होता, एका जागी म्हणून ठरत नव्हता.

मायेस्त्रो म्हणजे गुरुजी. या म्हाताऱ्या एव्हारिस्तोंनी उभी हयात हीच तीन कामं केली होती. चेंचोनं त्यांना मुद्दाम बोलावून घेतलं होतं, थोडं आपला थाट दाखवायलाही. ते छत्रीखाली बसून खरबूज खात होते...

घोडं अडलं होतं एकाच जागी. नायकाला गोळी लागते, आई त्याचं डोकं मांडीवर घेते आणि तो प्राण सोडतो. चेंचो झकास मरायचा, खोटं कशाला बोला! पण मेल्या मेल्या त्याचा एक डोळा किलकिला व्हायचा. ऊन बरोबर पडलंय की नाही ते बघायचा आणि स्वतःच ओरडायचा, 'कट!' सकाळपासून हेच चाललं होतं.

आता फिल्मचं एकच रीळ उरलं होतं आणि सूर्य डोंगराला टेकला होता. हेही फुकट गेलं तर सिनेमाला शेवटच नव्हता.

मायेस्त्रोंनी हात पुसले.

"कट मी म्हणतो. तू फक्त मर."

चेंचोला ते काही रुचलं नाही. आपल्या सिनेमात दुसऱ्यानं कट म्हणायचं म्हणजे काय? पण वाद घालायला ऊन थांबणार नव्हतं.

कॅमेरा फिरू लागला. गोळी सुटली. चेंचो कोसळला. आईचं काम करणाऱ्या रेमेदियोसबाईंनी त्याचं डोकं मांडीवर घेतलं.

तो मेला आणि कान टवकारून पडला.

कट येईना...

म्हातारा झोपला की काय? मानेवर मुंगी चढली. रीळ संपत आलं असेल. आता उठून ओरडावं, असं त्यानं दोनदा ठरवलं.

तेवढ्यात बाई रडत रडत बोलू लागल्या. ताटात वाढलंय रे, गार होतंय, ऊठ, असं काहीबाही. त्यानं लिहिलेलं नव्हतं ते. ऐकता ऐकता चेंचोला मुंगीचा विसर पडला, उन्हाचा पडला...

कुणीतरी खांदा हलवला. मायेस्त्रो होते.

चेंचोनं डोळे उघडले. डोक्याखाली बाईंची मांडी नव्हती, शालीची घडी होती. बाई पलीकडे कॉफी पीत होत्या. कॅमेऱ्यावर कापड पडलं होतं. आणि बाकीची मंडळी त्याच्याभोवती गोळा होऊन उभी होती, कुणी डोळे पुसत होतं.

"मायेस्त्रो, तुम्ही कट म्हणालाच नाहीत?"

"म्हणालो की. दोनदा."

"मग मला कसं ऐकू आलं नाही?"

मायेस्त्रोंनी खरबुजाची एक फोड त्याच्या हातावर ठेवली.

"ऐकू आलं असतं, तर हेही रीळ फुकट गेलं असतं."